एकच प्रत ठेवू नका!



जबलपूरला पाहुणे आले की त्यांना भेडाघाट दाखवणे ओघाने आलेच. धुआंधारचे तुषार, संगमरवरी कडे, यमके जुळवत माहिती सांगणारे नावाडी, आणि परतताना हातात संगमरवराची एखादी छोटी मूर्ती. या सगळ्या गडबडीत वाटेवरच्या तेवर गावाकडे फारसे कुणाचे लक्ष जात नाही. हे तेवर म्हणजेच जुनी त्रिपुरी, कलचुरी राजांची राजधानी. १९३९ साली सुभाषबाबूंच्या अध्यक्षतेखाली इथे जे काँग्रेस अधिवेशन झाले, ते याच नावावरून ‘त्रिपुरी अधिवेशन’ म्हणून ओळखले जाते.

आज मात्र मला राजकारणाबद्दल नाही, तर या त्रिपुरीशी नाते असलेल्या एका कवीबद्दल सांगायचे आहे. त्याचे नाव राजशेखर. काळ साधारण इसवी सन ९०० च्या आसपासचा. कनौजचा प्रतिहार राजा महेंद्रपाल याचा तो गुरू होता, आणि पुढे त्रिपुरीच्या कलचुरी दरबाराशीही त्याचा संबंध आला. त्याचे घराणे मूळचे आपल्याकडचे. आपल्या पणजोबांना त्याने ‘महाराष्ट्र-चूडामणी’ म्हटले आहे. कटनीजवळच्या बिलहरी गावी सापडलेला कलचुरींचा मोठा शिलालेख आता नागपूरच्या संग्रहालयात आहे. त्या लेखातली रचना पाहून राजशेखरालाही अचंबा वाटेल, अशी फुशारकी त्या लेखातच मारलेली आहे. म्हणजे या भागात त्याचे नाव किती मोठे होते, ते बघा!

या राजशेखराने ‘काव्यमीमांसा’ नावाचा एक ग्रंथ लिहिला. नाव भारदस्त असले तरी आतला मजकूर मोठा गमतीचा आहे. कवीने सकाळी काय करावे, दुपारी काय करावे, त्याचे घर कसे असावे, त्याच्याजवळ पाटी, खडू, लेखणी, दौत, ताडपत्रे, भूर्जपत्रे कशी हाताशी असावीत, हे सगळे तो बारकाईने सांगतो. पुरुषांप्रमाणे स्त्रियाही कवी होऊ शकतात, असे तो स्वच्छ शब्दांत लिहितो. आपली पत्नी अवंतिसुंदरी हिची साहित्याविषयीची मतेही तो तिच्या नावानिशी देतो. हजार वर्षांपूर्वीचा नवरा, हे लक्षात असू द्या!

याच ग्रंथात त्याने एक अगदी व्यवहारी सल्ला दिला आहे. काव्य लिहून पूर्ण झाले की त्याच्या अनेक प्रती करून ठेवाव्यात, असे तो म्हणतो. का? तर लिहिलेले नष्ट होण्याची कारणे पुष्कळ असतात. ती तो मोजूनच दाखवतो. पोथी कुणाकडे ठेवायला दिली आणि परत मिळाली नाही. विकली गेली. दान दिली गेली. माणूस देश सोडून गेला. लेखक अल्पायुषी ठरला. पोथी तुटली, अपुरी राहिली. आगीत गेली. पाण्यात गेली. ही झाली आठ कारणे. त्यावर आणखी पाच मोठी संकटे: दारिद्र्य, व्यसन, हेळसांड, दुर्दैव, आणि नको त्या माणसावर टाकलेला विश्वास.

वाचताना वाटते, या माणसाने हे सगळे स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले असणार.

आता दैवाचा खेळ बघा. काव्यमीमांसेचे एकूण अठरा भाग करायचे, असा राजशेखराचा बेत होता. त्यांची यादी त्याने सुरुवातीलाच दिली आहे. आज आपल्या हातात आहे फक्त पहिला भाग. उरलेले सतरा त्याने लिहिले आणि ते हरवले, की लिहून व्हायच्या आधीच आयुष्य संपले, हे सांगायला कुणी नाही. भूगोलावर ‘भुवनकोश’ नावाचा आपला वेगळा ग्रंथ असल्याचे तो सांगतो. तोही आज नाही. अनेक प्रती करा म्हणून बजावणाऱ्या माणसाच्याच ग्रंथाची ही गत!

आणि असे घडले ते काही आपल्याकडेच नव्हे. दूर युरोपात ग्रीक भाषेतल्या ग्रंथांवर हीच वेळ आली होती. सोफोक्लीस हा अथेन्सचा मोठा नाटककार. त्याने शंभराहून अधिक नाटके लिहिली. आज त्यांतली पूर्ण स्वरूपात किती उरली आहेत? सात. बाकीची राजशेखराच्या यादीतल्याच कुठल्या ना कुठल्या कारणाने गेली.

मग ही सात कशी वाचली? ती कथा आपल्या छापखान्यांच्या कथेशी फार जुळते, म्हणून थोडी सांगते.

पश्चिम युरोपात कित्येक शतके ग्रीक वाचता येणारे लोक जवळजवळ उरलेच नव्हते. विद्वान मंडळी लॅटिन वापरत. ग्रीक टिकून होते ते पूर्वेला, कॉन्स्टँटिनोपल शहरात आणि त्याच्या राज्यात. १३९७ साली तिथला मॅन्युएल क्रिसोलोरस हा पंडित इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरी ग्रीक शिकवायला आला आणि तिथल्या तरुणांना या भाषेची गोडी लागली. पुढे १४५३ मध्ये कॉन्स्टँटिनोपल तुर्कांच्या हाती गेले. त्याआधी आणि त्यानंतरही अनेक ग्रीक पंडित इटलीत आले. कुणी पोथ्या आणल्या, कुणी नुसती विद्या आणली. राजशेखराच्या यादीतला ‘देशत्याग’ तो हाच. पण इथे देश सोडून आलेल्या माणसांनीच ग्रंथ वाचवले.

त्यांच्यापैकी बेसारिओन हा पुढे रोमच्या चर्चमध्ये कार्डिनल झाला. आपल्या लोकांचे ग्रंथ आता कायमचे नाहीसे होतील, या धास्तीने त्याने मिळतील तेवढ्या पोथ्या जमवल्या, नकलून घेतल्या. १४६८ साली त्याने हा सातशेहून अधिक हस्तलिखितांचा संग्रह व्हेनिस शहराला देऊन टाकला. पण गंमत अशी की ग्रंथालयाची इमारत उभी राहायला पुढे कितीतरी दशके गेली, आणि तोवर पुष्कळशा पोथ्या पेट्यांमध्येच पडून राहिल्या. ज्यांना वाचायच्या होत्या त्यांनाही त्या सहज मिळत नव्हत्या. म्हणजे ग्रंथ गोळा करून कुलपात ठेवले की काम झाले, असे नाही. ते चार लोकांच्या हाती पडायला हवेत.

ते काम केले छापखान्यांनी. संपूर्ण ग्रीक भाषेत छापलेले, तारीख असलेले पहिले पुस्तक १४७६ साली मिलान शहरात निघाले. ते कुठले काव्य नव्हते, नाटक नव्हते. ते होते कॉन्स्टंटाइन लास्कारिस या निर्वासित पंडिताचे व्याकरण! बरोबरच आहे. आधी भाषा यायला हवी, मग ग्रंथ. १४८८ मध्ये फ्लॉरेन्सला होमरची महाकाव्ये छापली गेली, आणि त्यांचे संपादन केले देमेत्रिओस खाल्कोकोंदिलिस या ग्रीक गुरुजींनी.

त्यानंतर आला आल्दुस मानुतिउस. हा खरे म्हणजे शिक्षक. मुलांना शिकवत आयुष्य चालले होते. चाळिशी उलटल्यावर त्याने व्हेनिसमध्ये छापखाना काढायचे ठरवले, तोही मुख्यतः ग्रीक ग्रंथ छापण्यासाठी. घरच्यांना काय वाटले असेल, याची कल्पना तुम्हीच करा.

ग्रीक छापणे सोपे नव्हते. अक्षरे मोजकी असली तरी त्यांच्या डोक्यावर आघाताच्या आणि उच्चाराच्या खुणा असतात. त्यातून हाताने लिहिताना दोन-तीन अक्षरे एकमेकांत गुंफायची पद्धत. ती तशीच छापायची तर प्रत्येक जोडाक्षरासाठी, प्रत्येक खुणेसह, शिशाचा वेगळा खिळा ओतायला हवा. असे शेकडो खिळे करावे लागले. आपल्या जोडाक्षरांची आणि काना-मात्रा-वेलांट्यांची आठवण झाली ना? तीच अडचण होती ती. फ्रांचेस्को ग्रिफो या कुशल कारागिराने आल्दुससाठी हे खिळे कोरले.

१४९५ ते १४९८ या काळात आल्दुसने ॲरिस्टॉटलचे ग्रंथ पाच मोठ्या खंडांत छापले. नुसते छापायचे नव्हते. वेगवेगळ्या पोथ्या मिळवायच्या, त्या एकमेकींशी ताडून बघायच्या, नकलकाराच्या चुका ओळखायच्या आणि मग खिळे जुळवायचे. हे काम करायला त्याच्याकडे मार्कुस मुसुरुससारखे क्रीट बेटावरून आलेले ग्रीक पंडित होते. कारण हस्तलिखितातली चूक एका पोथीत राहते, पण छापताना झालेली चूक एकदम शेकडो घरांत जाते!

या मंडळींनी आपली एक ‘अकादमी’ही काढली. तिचा नियम असा, की एकत्र जमल्यावर फक्त ग्रीकमध्येच बोलायचे. दुसऱ्या भाषेत बोलणाऱ्याला दंड. आणि दंडाचे पैसे साठले की त्यातून सगळ्यांना मेजवानी. हे वाचताना पुन्हा आपला राजशेखर आठवतो. त्यानेही कवीच्या घरातल्या भाषांचे नियम सांगितले आहेत. नोकरांनी अपभ्रंश बोलावी, दासींनी मागधी, घरातल्या स्त्रियांना संस्कृत आणि प्राकृत यावे, आणि मित्रांना सगळ्याच भाषा याव्यात. आल्दुसचे घर एकभाषिक, तर राजशेखराचे बहुभाषिक. बाहेर हिंदी, घरात मराठी, शाळेत इंग्रजी असा संसार करणाऱ्या आपल्या जबलपूरकरांना राजशेखराचे घर अधिक ओळखीचे वाटेल, नाही का?

तर याच आल्दुसने १५०२ साली सोफोक्लीसची ती उरलेली सात नाटके पहिल्यांदा छापली. तीही जाडजूड ग्रंथात नाही, तर हातात धरून वाचता येईल अशा लहान आकाराच्या पुस्तकात. त्या दिवसानंतर ती सात नाटके हरवण्याची भीती संपली. एका घरातली प्रत जळली तरी दुसऱ्या गावी, दुसऱ्या देशात प्रत होतीच. राजशेखराचा सल्ला सहाशे वर्षांनी, त्याचे नावही न ऐकलेल्या माणसाने पाळला.

आता आपल्याकडे येऊ या. मराठीच्या सुरुवातीच्या छापील पुस्तकांतही व्याकरणच पुढे आहे. १८०५ साली बंगालमधल्या श्रीरामपूरला विल्यम केरी यांचे मराठीचे व्याकरण छापले गेले. त्यांना या कामात पंडित वैजनाथ शर्मा यांची मदत होती. तेव्हा आपले जबलपूर नागपूरकर भोसल्यांच्या ताब्यात होते, आणि पुढे काही वर्षांत श्रीरामपूरहून भोसल्यांच्या वंशावळीचे मराठी पुस्तकही निघाले. त्या आरंभीच्या काळात मोडी लिपीचेही खिळे केले गेले. केरींचा १८१० चा मराठी कोश मोडीतच छापलेला आहे.

पण आल्दुसची खरी आठवण व्हावी असा माणूस मुंबईत झाला, जावजी दादाजी चौधरी. जन्म १८३९ चा, परिस्थिती गरिबीची. शिकायच्या वयातच अमेरिकन मिशनच्या छापखान्यात कामाला लागावे लागले. हातात पुस्तकाऐवजी खिळे आले. पण त्या खिळ्यांनीच त्यांना घडवले. देवनागरी अक्षर ओतताना ते कुठे फुटते, मात्रा कुठे सरकते, जोडाक्षर कुठे गचाळ दिसते, हे त्यांना हाताने कळत गेले. १८६४ मध्ये त्यांनी स्वतःचा खिळे ओतण्याचा कारखाना काढला. राणोजी रावजी आरू हे अक्षरे कोरण्यात निष्णात असलेले मित्र त्यांच्यासोबत होते. १८६९ मध्ये ‘निर्णयसागर’ छापखाना सुरू झाला.

‘निर्णयसागर’ म्हटले की आपल्या आजी-आजोबांना पंचांग आठवेल. १८८१ मध्ये विनायक कोंडदेव ओक यांनी सुरू केलेले ‘बालबोध’ हे मुलांचे लाडके मासिक याच छापखान्याशी जोडलेले. पण जावजींचे आणखी एक मोठे काम म्हणजे १८८६ पासून निघालेली ‘काव्यमाला’. जुने, कधीच न छापलेले संस्कृत-प्राकृत ग्रंथ महिन्या-महिन्याला छापून काढायचे, असा हा उपक्रम. जयपूरचे पंडित दुर्गाप्रसाद पोथ्या मिळवत, आणि मुंबईचे काशिनाथ पांडुरंग परब त्यांच्यासोबत संपादन करत. निरनिराळ्या पोथ्या ताडून बघायच्या, पाठभेद तळटिपेत द्यायचे, मुद्रिते पुन्हा पुन्हा तपासायची. निर्णयसागरची प्रत म्हणजे शुद्ध प्रत, असा लौकिक देशभर झाला, तो या कष्टांमुळे.

आणि त्या काव्यमालेत चौथ्या क्रमांकावर, १८८७ साली, कोणते पुस्तक निघाले माहीत आहे? राजशेखराची ‘कर्पूरमंजरी’! हे संपूर्ण प्राकृतात लिहिलेले नाटक. अवंतिसुंदरीच्या इच्छेवरून ते रंगभूमीवर आले, असे त्यातच सांगितले आहे. आपल्या मराठीची आजी शोभणाऱ्या भाषेतले हे नाटक, त्रिपुरीशी नाते असलेल्या कवीचे, मुंबईच्या एका खिळेवाल्याने छापून घरोघरी पोचते केले. शाळेत फारसे न गेलेल्या मुलाने पंडितांच्या पोथ्या जगवल्या. जावजी १८९२ मध्ये गेले. राजशेखराच्या शब्दांत ‘अल्पजीविता’च ती. पण खिळे ओतून ठेवलेले होते, काम चालू राहिले.

आता उरली काव्यमीमांसा. तिचा शोध लागायला आणखी काही वर्षे जायची होती. बडोद्याला सयाजीराव गायकवाड महाराजांचे राज्य होते. नाशिककडच्या कवळाणे गावात जन्मलेले हे महाराज ग्रंथांचे मोठे भोक्ते. त्यांच्या राज्यातल्या पाटण गावी जैन ग्रंथभांडारांमध्ये शेकडो वर्षांपूर्वीच्या ताडपत्री पोथ्या जपून ठेवलेल्या होत्या. ग्रंथ नकलून घेणे आणि भांडाराला देणे हे पुण्याचे काम मानणाऱ्या लोकांनी त्या सांभाळल्या होत्या. महाराजांच्या आज्ञेवरून चिमणलाल दलाल यांनी ती भांडारे पाहिली. आणि १९१६ साली ‘गायकवाड ओरिएंटल सिरीज’ या नव्या ग्रंथमालेचा पहिला क्रमांक म्हणून जो ग्रंथ छापला गेला, तो होता राजशेखराची काव्यमीमांसा. दलालांबरोबर त्याचे संपादन आर. अनंतकृष्ण शास्त्री यांनी केले. लेखक त्रिपुरीचा, पोथी गुजरातमधल्या जैनांची, राजा मराठी, संपादकांत एक गुजराती नि एक दाक्षिणात्य. इतके हात लागले तेव्हा अठरातला एक भाग आपल्यापर्यंत आला.

पुढे नागपूरचे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी कलचुरींचे शिलालेख एकत्र करून, वाचून, १९५५ साली प्रसिद्ध केले. त्यामुळे राजशेखर ज्या राजांच्या दरबारात वावरला, त्यांचा इतिहासही आपल्याला नीट वाचता आला.

वाचकहो, एवढी लांबची सफर घडवली, त्याला कारण आहे. राजशेखराची ती आठ कारणांची यादी पुन्हा एकदा वाचा, आणि आपल्या हातातल्या मोबाईलकडे बघा. जुना फोन विकला, त्याबरोबर फोटो गेले: विक्रय. भाच्याला वापरायला दिला: दान. दुरुस्तीला टाकला तो आणायचाच राहिला: ठेव. पाण्यात पडला, संपला. मुलगा परदेशी गेला आणि सगळे त्याच्या लॅपटॉपमध्ये राहिले: देशत्याग. ज्यांना पासवर्ड माहीत होता ते आजोबाच गेले: अल्पजीविता. आणि ‘करू सावकाश, आहे कुठे घाई’ ही तर हेळसांडच! हजार वर्षे झाली, यादीतला एकही शब्द जुना झालेला नाही.

आपल्या जबलपूर-नागपूरकडच्या कितीतरी मराठी घरांत आजही माळ्यावर काही ना काही असते. पणजीच्या हातची ओव्यांची वही. कुणी लिहिलेले प्रवासवर्णन. मोडीतले कागद, जे घरात आता कुणालाच वाचता येत नाहीत. ते सगळेच काही सोफोक्लीस नसणार, हे खरे. पण घरातल्या ओव्या जावजी दादाजी छापायला येणार नाहीत. त्या एकाच प्रतीत आहेत, आणि त्या प्रतीचे जे होईल तेच त्या ओव्यांचे होईल.

तेव्हा एवढेच करा. येत्या रविवारी ती वही खाली काढा. पानापानाचे स्वच्छ फोटो काढा. पहिल्या पानावर कुणाची वही, कुठल्या गावची, साधारण कुठल्या सालची, हे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून लिहा; ही माहिती नसेल तर फोटो पन्नास वर्षांनी मुके होतात. मग ते फोटो निदान तीन वेगळ्या घरी पाठवा, एखादे दुसऱ्या गावचे असू द्या. जमले तर एक प्रत कागदावर छापूनही ठेवा. मोडी कागद असतील तर मोडी जाणणाऱ्या एखाद्या अभ्यासकाला दाखवा. आणि मुख्य म्हणजे नातवंडांना त्यातली चार पाने मोठ्याने वाचून दाखवा.

आणि पुढच्या वेळी पाहुण्यांना घेऊन भेडाघाटला निघालात, तर तेवरपाशी गाडी जरा थांबवा. अनेक प्रती करून ठेवा, असे सांगणाऱ्या कवीचे ते गाव आहे, एवढे त्यांना नक्की सांगा.